देणगी आणि देणे

२६ जुलै २०२५ रोजी मोरोक्कोची राजधानी रबात येथे आफ्रिकी महिला फुटबॉल चषकाचा अंतिम सामना झाला. पहिल्या चोवीस मिनिटांतच यजमान मोरोक्कोने दोन गोल केले होते. तरीही नायजेरियाच्या ‘सुपर फाल्कन्स’नी उत्तरार्धात तीन गोल करून सामना ३-२ असा जिंकला. एस्थर ओकोरोन्क्वोने पेनल्टीवर पहिला गोल केला, फोलाशादे इजामिलुसीने बरोबरी साधली आणि ८८व्या मिनिटाला जेनिफर एचेगिनीने विजय पक्का केला. या संघाचे हे दहावे आफ्रिकी विजेतेपद. दोन दिवसांनी नायजेरियाची राजधानी अबुजा येथे राष्ट्राध्यक्ष बोला टिनुबू यांनी संघाचे स्वागत केले आणि प्रत्येक खेळाडूला एक लाख डॉलरच्या मोलाचे नायरा (नायजेरियाचे चलन), राष्ट्रीय सन्मान आणि राजधानीत तीन बेडरूमचे घर जाहीर केले. राज्यपालांच्या मंचाने त्यात प्रत्येकी एक कोटी नायरांची भर घातली. आणखी दोनच दिवसांनी, ३० जुलैला, देशभरातील परिचारिकांनी सात दिवसांचा इशारा संप सुरू केला. चषकाच्या आनंदावर वादाचे सावट पडले ते तिथून.

या वादात एका बाजूचे म्हणणे असे, की ज्या देशात परिचारिका आणि शिक्षक तुटपुंज्या पगारावर राबतात, त्या देशाने बावीस-तेवीस वर्षांच्या खेळाडूंवर एवढी संपत्ती उधळणे अन्यायाचे आहे. दुसऱ्या बाजूचे म्हणणे असे, की या मुलींनी देशाला जो आनंद दिला तो अमोल आहे आणि त्यांच्या बक्षिसाकडे बोट दाखवणाऱ्यांच्या मनात स्त्रियांविषयीची जुनी अढी आहे. दोन्ही बाजू एकाच प्रश्नावर भांडत राहिल्या: एवढे द्यावे की देऊ नये? माझ्या मते तो प्रश्नच चुकीचा मांडला गेला. मराठीत देणगी आणि देणे हे दोन शब्द एकाच क्रियापदापासून आले आहेत, पण त्यांत जमीन-अस्मानाचे अंतर आहे. देणगी देणाऱ्याच्या मर्जीवर असते, तिची वेळ तो ठरवतो, रक्कम तो ठरवतो आणि घेणाऱ्याने त्याचे आभार मानायचे असतात. देणे मात्र घेणाऱ्याच्या हक्काचे असते आणि ते फिटेपर्यंत देणारा ऋणकोच असतो. सुपर फाल्कन्सची गेल्या वीस वर्षांची कहाणी ही थकलेल्या देण्यांची कहाणी आहे. अबुजाच्या समारंभात जे मिळाले ती देणगी होती. तिने देण्याची व्यवस्था जिथे होती तिथेच ठेवली, आणि देणगीच्या झगमगाटात ती व्यवस्था दिसेनाशी झाली ही माझी मुख्य तक्रार आहे.

परिचारिकांच्या बाजूने केलेला युक्तिवाद हलका नाही, त्यामुळे तो आधी पूर्णपणे मान्य करतो. २०२४च्या जुलैपासून नायजेरियात किमान वेतन महिना ७० हजार नायरा आहे. एक लाख डॉलर म्हणजे त्या वेळच्या दराने पंधरा कोटींहून अधिक नायरा. किमान वेतनावरच्या माणसाने एकही पैसा खर्च न करता साठवला, तर ही रक्कम जमायला त्याला सुमारे १८० वर्षे लागतील. ज्या रुग्णालयात एका परिचारिकेकडे साऱ्या कक्षाचा भार असतो, तिथे हा आकडा ऐकून कोणाच्या पोटात कालवाकालव होणार नाही? सरकारच्या तिजोरीतला पैसा कोणत्या अंदाजपत्रकातून, कोणाच्या मंजुरीने, कोणत्या निकषावर बाहेर पडला हे विचारण्याचा नागरिकांना पूर्ण अधिकार आहे आणि त्या विचारणेला स्त्रीद्वेष म्हणणे हे उत्तर टाळणे आहे. पण हाच युक्तिवाद शेवटापर्यंत नेला तर तो कोठे पोहोचतो ते पाहावे. परिचारिका काय मागत होत्या? भत्त्यांचे न्याय्य दर आणि राजपत्रात प्रसिद्ध झालेली सेवाशर्तींची योजना. म्हणजे कोणाच्या खुशीवर न अवलंबणारे, लिहिलेले, वेळेवर मिळणारे देणे. सुपर फाल्कन्स वीस वर्षे नेमके तेच मागत आल्या आहेत. रुग्णालयाच्या दारात बसलेली परिचारिका आणि हॉटेलच्या खोलीत अडून बसलेली फुटबॉलपटू या दोघींचा ऋणको एकाच प्रकारचा आहे, आणि त्यांना एकमेकींविरुद्ध उभे करणाऱ्या वादात फायदा त्या ऋणकोचाच होतो.

बक्षिसाच्या समर्थकांकडेही एक भक्कम मुद्दा आहे. २०२४च्या फेब्रुवारीत नायजेरियाचा पुरुष संघ आफ्रिकी चषकाच्या अंतिम सामन्यात आयव्हरी कोस्टकडून हरून परतला, तेव्हा त्या उपविजेत्यांनाही राष्ट्रीय सन्मान, अबुजात घर आणि जमीन मिळाली होती. मग विजेत्या स्त्रियांना त्याहून कमी का द्यावे? ज्या संघाच्या विजयांकडे वर्षानुवर्षे दुर्लक्ष झाले, त्याला एकदा तरी राष्ट्राध्यक्षांच्या घरी पुरुषांच्या बरोबरीने, किंबहुना त्यांच्याहून अधिक, मान मिळाला याचे महत्त्व मी कमी लेखत नाही. खेड्यापाड्यांत फुटबॉलसाठी आईवडिलांशी भांडणाऱ्या मुलीला त्या दिवशी दूरचित्रवाणीवर जे दिसले, त्याची किंमत डॉलरमध्ये करता येणार नाही. पण समता मोजायची ती कशात? समारंभात मिळालेल्या रकमेत, की पुढच्या शिबिराचा दैनिक भत्ता पुढच्याच आठवड्यात खात्यावर येईल या खात्रीत?

ही खात्री का महत्त्वाची आहे, हे या संघाचा इतिहास सांगतो. २००४ मध्ये दक्षिण आफ्रिकेत आफ्रिकी विजेतेपद मिळवल्यानंतर ठरलेला बोनस मिळेना, म्हणून खेळाडूंनी जोहान्सबर्गचे हॉटेल सोडायला नकार दिला आणि तीन दिवस त्या तिथेच राहिल्या. २०१६ मध्ये कॅमेरूनच्या राजधानीत, यजमानांना त्यांच्याच प्रेक्षकांसमोर १-० असे हरवून त्या पुन्हा विजेत्या झाल्या, आणि घरी आल्यावर अबुजाच्या एका हॉटेलात चषक आपल्याकडेच ठेवून बसल्या. दिवस गेले, आठवडा उलटला, पैसे येईनात. शेवटी १४ डिसेंबरला, राष्ट्राध्यक्ष मुहम्मदू बुहारी संसदेत अंदाजपत्रक मांडायला आले त्याच दिवशी, आफ्रिकेच्या विजेत्या हातांत फलक घेऊन संसदेवर चालत गेल्या. त्यानंतर पैशांची व्यवस्था झाली. त्या वेळचे क्रीडामंत्री सोलोमन डालुंग यांनी दिलेले एक स्पष्टीकरण या सगळ्या प्रश्नाच्या मुळाशी नेते: हा संघ जिंकेल हे कोणालाच ठाऊक नव्हते, ठाऊक असते तर तशी तयारी केली असती, अशा आशयाचे ते विधान होते. त्यापूर्वी हा संघ याच स्पर्धेत सात वेळा विजेता ठरला होता.

२०१९ मध्ये फ्रान्समधल्या विश्वचषकात जर्मनीकडून ग्रनोबल येथे पराभव झाल्यावर खेळाडू पुन्हा हॉटेलात अडून बसल्या. या वेळी जुन्या सामन्यांचे थकलेले बोनस आणि भत्ते हवे होते. त्या संघाची कर्णधार होती डिझायर ओपारानोझी, २०१६च्या अंतिम सामन्यातला एकमेव गोल करणारी. त्यानंतर तिचे कर्णधारपद गेले आणि बराच काळ तिला संघात बोलावणेही आले नाही. आंदोलनाचे नेतृत्व केल्याची ही शिक्षा होती, असे तिने पुढे बीबीसीला सांगितले. २०२२ मध्ये मोरोक्कोत तिसऱ्या क्रमांकाच्या सामन्याआधी खेळाडूंनी सरावावर बहिष्कार टाकला; कारण तेच. २०२३च्या विश्वचषकाआधी प्रशिक्षक रँडी वॉल्ड्रम यांनी एका पॉडकास्टमध्ये आपलाच पगार कित्येक महिने थकल्याचे सांगितले आणि तयारीसाठी फिफाकडून आलेले ९ लाख ६० हजार डॉलर कोठे गेले असा प्रश्न विचारला. त्या स्पर्धेत या संघाने यजमान ऑस्ट्रेलियाला ३-२ असे हरवले आणि ब्रिस्बेनमध्ये युरोपविजेत्या इंग्लंडला १२० मिनिटे गोल करू दिला नाही. पेनल्टी शूटआउटमध्येच त्यांचा पराभव झाला. त्या सामन्यानंतर संघातली इफेओमा ओनुमोनू पत्रकारांशी बोलली ती मायदेशातल्या शिबिरातल्या उंचसखल मैदानाविषयी आणि एका पलंगावर दोघींनी झोपण्याविषयी. पुढे खेळाडूंच्या जागतिक संघटनेने जाहीर केले, की या खेळाडूंचा आपल्या महासंघाशी बोनस, शिबिराचे भत्ते आणि खर्च यांवरून वाद आहे आणि त्यातली काही देणी २०२१ पासूनची आहेत.

हे सगळे एकत्र वाचले म्हणजे एक गोष्ट स्पष्ट होते. प्रत्येक वेळी पैसे मिळाले ते नियमाने मिळाले नाहीत, बभ्रा झाल्यावर मिळाले. जिंकल्यावर मागणे सोपे जाते, कारण कॅमेरे समोर असतात. पण हरलेल्या संघाने काय करावे? ज्या सामन्याला कोणी पत्रकारच आलेला नाही त्या पात्रता सामन्याचा बोनस कोणाकडे मागावा? आणि ज्या खेळाडूने मागण्याचे धाडस केले तिची जागा गेली, तर पुढची कर्णधार तोंड उघडेल का?

यावर एक उत्तर नेहमी दिले जाते, की देशाचा गणवेश घालणे हाच सन्मान आहे आणि परक्या देशातल्या हॉटेलात अडून बसून देशाची अब्रू घालवणे शोभत नाही. या भावनेत काही खोटे नाही. राष्ट्रगीताच्या वेळी त्या मुलींचे डोळे भरून येतात तेही खोटे नसते. पण सन्मानाची भाषा नेहमी खालच्या बाजूलाच का ऐकवली जाते? महासंघाच्या पदाधिकाऱ्याला प्रवासभत्ता मिळतो तेव्हा कोणी त्याला देशसेवेची आठवण करून देत नाही. शिवाय, अडून बसून हिशेब मागणे हे नायजेरियाच्या संस्कृतीला परके आहे, असे म्हणणाऱ्यांनी आपल्याच देशाचा इतिहास आठवावा. पूर्व नायजेरियात इग्बो स्त्रियांची एक जुनी रीत होती: एखाद्या पुरुषाने अन्याय केला तर साऱ्या जणी मिळून त्याच्या अंगणात जमायच्या, त्याची करणी गाण्यांतून मांडायच्या आणि तो चूक कबूल करेपर्यंत हलायच्या नाहीत. तिला त्या ‘माणसावर बसणे’ असे म्हणत. १९२९ मध्ये आपल्यावर कर बसणार या शंकेने हजारो स्त्रियांनी हीच रीत ब्रिटिशांनी नेमलेल्या मुखत्यार सरदारांविरुद्ध वापरली. सैनिकांच्या गोळ्यांनी पन्नासहून अधिक स्त्रिया मेल्या, पण ती सरदारांची व्यवस्था पुढे बदलावी लागली. १९४० च्या दशकाच्या अखेरीस अबेओकुटा येथे फुन्मिलायो रॅन्सम-कुटी यांच्या नेतृत्वाखाली बाजारात बसणाऱ्या बायकांनी करांविरुद्ध राजवाड्यासमोर ठाण मांडले आणि तिथल्या राजाला, अलाके यांना, १९४९ मध्ये गादी सोडावी लागली. जोहान्सबर्ग आणि अबुजाच्या हॉटेलांत बसलेल्या मुली या आजींच्याच नाती आहेत. त्यांनी देशाची अब्रू घालवली असे म्हणणे म्हणजे देशाच्या इतिहासातले एक उजळ पान फाडून टाकणे आहे.

बाजाराचा युक्तिवाद अधिक थंड डोक्याने केला जातो: महिलांच्या फुटबॉलला प्रेक्षक कमी, प्रायोजक कमी, मग पैसा येणार कोठून? क्लब फुटबॉलपुरते यात तथ्य आहे आणि नायजेरियाच्या देशी महिला लीगची आर्थिक स्थिती पाहिली तर ते नाकारता येत नाही. पण इथे विषय राष्ट्रीय संघाचा आहे, आणि राष्ट्रीय संघ पैसा मिळवत नाही हे साफ चूक आहे. २०२३च्या विश्वचषकात बाद फेरीच्या पहिल्या टप्प्यापर्यंत पोहोचलेल्या संघाच्या महासंघाला फिफाने १८ लाख ७० हजार डॉलर ठरवले होते आणि त्याशिवाय प्रत्येक खेळाडूसाठी ६० हजार डॉलर. २०२५च्या आफ्रिकी विजेतेपदाचे बक्षीस दहा लाख डॉलर होते. ही रक्कम या मुलींच्या पायांनी मिळवलेली आहे. त्यांनी आपल्या कमाईतला ठरलेला वाटा मागितला तर तो सरकारी तिजोरीवर बोजा कसा होतो?

बाजार हा काही पावसासारखा आपोआप पडणारा नसतो, हेही इथे सांगायला हवे. २६ डिसेंबर १९२० रोजी लिव्हरपूलच्या गुडिसन पार्क मैदानावर डिक, कर लेडीज या कारखान्यातल्या मुलींच्या संघाचा सामना पाहायला ५३ हजार लोक आले होते आणि हजारो बाहेर अडकले होते. वर्षभराच्या आत, ५ डिसेंबर १९२१ रोजी, इंग्लंडच्या फुटबॉल संघटनेने आपल्या सदस्य क्लबांच्या मैदानांवर स्त्रियांच्या सामन्यांना बंदी घातली. हा खेळ स्त्रियांना मानवत नाही, हे एक कारण दिले गेले. आणि दुसरे असे, की तिकिटांच्या पैशातला फार मोठा भाग खर्चात जातो आणि धर्मादायाला पुरेसा उरत नाही. म्हणजे शंभर वर्षांपूर्वीही स्त्रियांच्या खर्चाच्या पावत्यांवर बोट ठेवूनच त्यांना मैदानाबाहेर काढले गेले. ती बंदी जवळजवळ पन्नास वर्षे टिकली. पश्चिम जर्मनीत १९५५ ते १९७०, ब्राझीलमध्ये १९४१ ते १९७९ अशा बंद्या होत्या. इतक्या पिढ्यांना मैदानच नाकारल्यानंतर प्रेक्षक कमी का, असे विचारायचे?

आता सर्वांत अवघड आक्षेप. नायजेरियाच्या पुरुषांनाही पैसे वेळेवर मिळत नाहीत. २०१३ मध्ये बोनसच्या वादामुळे त्यांचा संघ नामिबियातून निघेना आणि कॉन्फेडरेशन्स चषकासाठी ब्राझीलला उशिरा पोहोचला. २०१४च्या विश्वचषकात फ्रान्सविरुद्धच्या सामन्याआधी त्यांनी सराव सोडला. २०२५च्या नोव्हेंबरमध्ये गॅबनविरुद्धच्या निर्णायक सामन्याआधी मोरोक्कोत त्यांनी पुन्हा तेच केले. मग हा स्त्री-पुरुष भेदाचा प्रश्न उरतो का? हा आक्षेप मला बराचसा पटतो. मूळ रोग देणी चुकवण्याचा आहे आणि तो लिंग पाहून होत नाही. पण एकाच रोगाने सगळे सारखे खंगत नाहीत. युरोपातल्या मोठ्या क्लबमध्ये खेळणाऱ्या पुरुषाला राष्ट्रीय संघाचा बोनस हा तत्त्वाचा प्रश्न असतो. घरभाडे त्यावर अवलंबून नसते. असिसात ओशोआलाने सहा वेळा आफ्रिकेची सर्वोत्तम खेळाडू होऊन आणि बार्सिलोनात चॅम्पियन्स लीग जिंकून स्वतःपुरती ती सुरक्षितता कमावली. रशीदात अजिबादे आणि चियामाका न्नाडोझी यांनीही युरोपात नाव मिळवले. देशी लीगमधून राष्ट्रीय शिबिरात येणाऱ्या मुलीला मात्र शिबिराचा दैनिक भत्ता म्हणजे घरी पाठवायचे पैसे असतात, आणि तो सहा महिने थकला तर ती थांबू शकत नाही.

देणगीवर विसंबले की काय होते, हे याच देशाने पुरुषांच्या बाबतीत पाहिलेले आहे. ऑगस्ट १९८५ मध्ये नायजेरियाच्या सोळा वर्षांखालील मुलांनी चीनमध्ये पहिला विश्वचषक जिंकला. तेव्हा देशाचे लष्करी प्रमुख असलेल्या बुहारींनी त्यांना बक्षिसाचे वचन दिले आणि त्याच महिन्यात त्यांची सत्ता उलथली गेली. ते वचन पुरे झाले २०१६ मध्ये, तेच बुहारी निवडून येऊन राष्ट्राध्यक्ष झाल्यावर. तीस वर्षे ती मुले एका माणसाच्या नशिबाला बांधलेली राहिली. १९९४ मध्ये आफ्रिकी चषक जिंकलेल्या पुरुष संघाला लष्करशहा सानी अबाचा यांच्या राजवटीने घरे जाहीर केली होती. त्यांतल्या काहींना ती मिळायला पाव शतकाहून अधिक काळ लागला. देणगी ही व्यक्तीचा शब्द असते. व्यक्ती गेली, राजवट बदलली, मर्जी फिरली की तिचे काय होईल हे कोणी सांगू शकत नाही.

आणि देणगी वेळेवर मिळाली तरी ती भोक बुजवत नाही, झाकते. २०२३ मध्ये दक्षिण आफ्रिकेच्या ‘बान्याना बान्याना’ या महिला संघाने विश्वचषकाला निघण्याआधी बोत्स्वानाविरुद्धच्या निरोपाच्या सामन्यात खेळायला नकार दिला. करारातला मोबदला आणि सामन्यासाठी निवडलेले निकृष्ट मैदान, या दोन्हींवर त्यांचा आक्षेप होता. महासंघाने घाईघाईने दुसराच संघ उतरवला, त्यात एक तेरा वर्षांची मुलगीही होती, आणि तो संघ ५-० असा हरला. पेच सुटला तो धनाढ्य मोत्सेपे कुटुंबाच्या प्रतिष्ठानाने ६० लाख रँड दिल्यावर. मूळ संघाने पुढे न्यूझीलंडमध्ये थेंबी क्गात्लानाच्या भरपाई वेळेतल्या गोलवर इटलीला ३-२ असे हरवून प्रथमच बाद फेरी गाठली. धनिकाचे औदार्य मी नाकारत नाही. पण त्या वेळच्या आफ्रिकेच्या विजेत्या संघाचा करार एका दानशूर कुटुंबाच्या धनादेशावर पुरा व्हावा, ही महासंघाने अंग झटकून मोकळे होण्याची सोयच नव्हे का?

याउलट करार काय करतो, हे सुपर फाल्कन्सनी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलेले आहे. ६ सप्टेंबर २०२२ रोजी वॉशिंग्टनमध्ये त्या अमेरिकेविरुद्ध खेळल्या आणि २-१ अशा हरल्या. सामना संपल्यावर त्याच मैदानावर, प्रेक्षकांच्या देखत, अमेरिकेच्या महासंघाने पुरुष आणि स्त्री खेळाडूंच्या संघटनांबरोबर समान वेतनाच्या करारांवर सह्या केल्या. विश्वचषकाच्या बक्षिसाची रक्कम दोन्ही संघांनी एकत्र करून वाटून घ्यायची, असे त्यात ठरले. दोनच महिन्यांपूर्वी मोरोक्कोत थकलेल्या बोनससाठी सराव सोडावा लागलेल्या संघातल्या कितीतरी मुली त्या संध्याकाळी पाहुण्या म्हणून तिथे होत्या. कोणी म्हणेल, अमेरिका श्रीमंत आहे. पण अमेरिकी स्त्रियांनाही हा करार कोणी प्रेमाने दिलेला नव्हता; त्यासाठी त्या वर्षानुवर्षे न्यायालयात भांडल्या आणि त्याच वर्षी २ कोटी ४० लाख डॉलरची तडजोड झाली. शिवाय कराराचे मर्म रकमेत नसते. रक्कम लहान असली तरी ती आधी लिहिलेली असणे, तिची तारीख ठरलेली असणे आणि ती चुकली तर दाद मागण्याची जागा असणे, हे तीन गुण गरीब देशालाही परवडतात. उलट ज्याची तिजोरी लहान, त्यानेच आधी लिहून ठेवावे.

या सगळ्याशी आपलाही एक धागा जोडलेला आहे. २०२२च्या ऑक्टोबरमध्ये सतरा वर्षांखालील मुलींचा विश्वचषक भारतात झाला. नायजेरियाच्या मुलींनी नवी मुंबईत अमेरिकेला बाहेर काढले, २६ तारखेला मडगावच्या फातोर्डा मैदानावर उपांत्य सामन्यात कोलंबियाकडून पेनल्टीवर त्या हरल्या आणि ३० तारखेला नेरूळच्या डी. वाय. पाटील मैदानावर जर्मनीविरुद्ध ३-३ अशा बरोबरीनंतर पेनल्टीवर जिंकून तिसऱ्या आल्या. या दोन सामन्यांच्या मधल्याच दिवशी, २७ ऑक्टोबरला, भारतीय क्रिकेट मंडळाने महिला क्रिकेटपटूंना पुरुषांइतकेच सामना शुल्क देण्याचे जाहीर केले: कसोटीला १५ लाख, एकदिवसीय सामन्याला ६ लाख, टी-२० ला ३ लाख रुपये. वार्षिक करारांच्या रकमांत आजही मोठी दरी आहे आणि ती मी झाकू इच्छित नाही. पण दर जाहीर आहे, छापलेला आहे, आणि जिंकले की हरले यावर तो अवलंबून नाही. तीन वर्षांनी, २ नोव्हेंबर २०२५ ला, त्याच नेरूळच्या मैदानावर भारतीय महिलांनी विश्वचषक जिंकला आणि मंडळाने ५१ कोटींचे बक्षीस दिले, तेव्हा ते बक्षीस पगाराच्या जागी आलेले नव्हते, पगाराच्या वर आलेले होते. आधी देणे फिटलेले असेल तर देणगीला मोकळ्या मनाने टाळ्या वाजवता येतात. अबुजाच्या देणगीला मला तशा वाजवता येत नाहीत, याचे दुःख आहे.

म्हणून नायजेरियातल्या मित्रांनी बक्षिसाची रक्कम योग्य की अयोग्य यावर शब्द खर्च करण्यापेक्षा तीन गोष्टींचा आग्रह धरावा, असे मला वाटते. शिबिराचा भत्ता, सामन्याचा बोनस आणि फिफा किंवा आफ्रिकी महासंघाकडून येणाऱ्या रकमेतला खेळाडूंचा हिस्सा हे स्पर्धेआधी लेखी ठरावे आणि जाहीर व्हावे. खेळाडूंच्या वतीने बोलणाऱ्या कर्णधाराला निवडीतून वगळले तर त्याची कारणे स्वतंत्र व्यक्तीसमोर द्यावी लागावीत. आणि फिफाने खेळाडूंचा वाटा महासंघामार्फत न पाठवता थेट त्यांच्या खात्यात जमा करावा. २०२३ मध्ये रकमा जाहीर करून त्या पुन्हा महासंघांच्याच हाती सोपवल्याने अर्धे काम राहून गेले. यातल्या कोणत्याही गोष्टीसाठी परिचारिकेच्या तोंडचा घास काढावा लागत नाही.

नेरूळहून कांस्यपदक घेऊन गेलेल्या त्या सतरा वर्षांखालच्या मुली आता विशीत आहेत आणि त्यांतल्या काहींना लवकरच मोठ्या संघाच्या शिबिराचे बोलावणे येईल. त्या बोलावण्याबरोबर दैनिक भत्त्याचा दर, बोनसचा हिस्सा आणि पैसे जमा होण्याची तारीख लिहिलेला कागद असेल की नाही, हे ठरवायला अबुजाच्या हाती फार वेळ नाही. पुढचा महिला विश्वचषक ब्राझीलमध्ये २४ जून २०२७ ला सुरू होत आहे.